पहिलं, दुसरं आणि शेवटचं

आमच्या चर्चमध्ये रविवारची गीतं मी निवडतो. उपासना लांबली की लोकांची चुळबुळ सुरू होते, म्हणून मी आधीच सांगून टाकतो, "पहिलं, दुसरं आणि शेवटचं कडवं." शेवटच्या बाकावर एक गृहस्थ असतात. त्यांचं नाव मला आजही माहीत नाही. गाताना ते काखेतल्या हेल्मेटवर बोटांनी ठेका धरतात आणि ठेका चुकला की हेल्मेटकडंच रागानं बघतात.

एका पुस्तकाच्या दुकानाविषयी मी लिहिलेली कादंबरी छापून आली, तेव्हा चर्चमधले बाकी सगळे "छान आहे" म्हणून घरी गेले. या गृहस्थांनी मात्र औरंगपुऱ्यात गाडी थांबवून मला गाठलं.

"सर, वाचली. लई आवडली. फक्त तो दुकानदार शेवटी दिसत नाय. कुठं गेला?"

"अहो, तो मध्येच वारतो." ते प्रकरण लिहिताना मी रडलो होतो.

"मधलं नाय वाचलं. पहिलं, दुसरं अन् शेवटचं वाचलं. सवय तुम्हीच लावली." मग ते हळहळले. "वारला व्हय? मला वाटलं, दौलताबादला लेकीकडं गेला असंल. तसंच राहू द्या."

पुढच्या रविवारी मी हट्टानं एक लांबलचक गीत निवडलं आणि सगळी कडवी म्हणायला लावली. दुसरं कडवं संपताच गृहस्थ खाली बसले आणि त्यांनी डोळे मिटले. शेवटच्याला बरोबर उठून ते सगळ्यांपेक्षा मोठ्यानं गायले. माझा दुकानदार दौलताबादला सुखरूप आहे, हे मला तेव्हा पटलं.