खळ्यावरचं पायताण

सारवलेल्या जमिनीचा ओलसर वास आला की मला निवड चाचणीचा दिवस आठवतो. कळंबजवळच्या आमच्या खळ्यावरच मी बॅटिंग-बॉलिंग शिकलो होतो, आणि जिथं ज्वारीची रास पडते तिथं पायताण घालून जायची कुणाची टाप नव्हती. त्यामुळं शहरातल्या मैदानावर बॉलिंगला बोलावताच, पाणी मारून चोपलेली खेळपट्टी खळ्यासारखीच वाटली म्हणून मी तिच्या कडेला नवेकोरे बूट काढून ठेवले. पोरं खो खो हसली. म्हातारे अंपायर जवळ आले. "काय रे, चावतेत का बूट?" "न्हाय सर, खळ्यावर पायताण घालत न्हाईत." त्यांनी बूट उचलून माझ्या हातात दिले. "बरं. आता घाल, खेळ संपल्यावर काढ." त्या दिवशी तीन विकेट काढल्या, धावाही केल्या, पुढं चौदा वर्षं ऑलराउंडर म्हणून खेळून घर चालवलं. परवा शेवटचा सामना झाला. सगळे गेल्यावर मी खेळपट्टीच्या कडेला बसलो आणि बूट काढले.