झुळकेला दिलेलं दुसरं नाव

हे मी आजवर कुणापाशीच बोललेले नाही — नवऱ्यापाशी नाही, कवितेच्या वहीपाशीही नाही. तुमच्यापाशी तरी कुठून सुरुवात करावी? नावांपासून करते.

सुरतच्या कापड बाजारातल्या एका साड्यांच्या दुकानात मी काउंटर सांभाळते. हाताखाली एकच विक्रेती, नसीम. तिच्या घरचं मूळ नंदुरबारचं, त्यामुळे आमचं मराठीत चाले. गिऱ्हाईक ओसरलं की उलगडलेल्या साड्यांच्या घड्या घालता घालता मी तिला घरच्यांच्या नावांचे अर्थ विचारी. कोऱ्या कापडाच्या खळीचा उग्र वास, आणि त्यातून येणारा तिचा आवाज — शबनम, तिची आई. फारसी नाव, शब म्हणजे रात्र, नम म्हणजे ओल, दव. साबिर, तिचे वडील. अरबी, धीर धरणारा. आणि नसीम, हेही अरबीच — मंद झुळूक. हा शब्द ती अशी उच्चारी की मानेवरचा घाम निवल्यासारखा वाटे.

एवढं उमजूनही ते नाव मी तिच्यापासून काढून घेतलं.

शेठनी सांगितलं होतं का? नाही. एका बाईंनी तिचं नाव विचारलं, ऐकलं, आणि मांडलेल्या साड्या तशाच टाकून त्या शेजारच्या दुकानात गेल्या. दुसऱ्या दिवशी मीच म्हणाले, काउंटरवर तू नीलम.

"झुळकेचा पार दगड केलात की ताई!" ती हसली. मीही हसले. खरं सांगू? इतकं सुबक नाव सुचल्याचा मला अभिमानच वाटला होता.

पण सांगायचं आहे ते हे नाही. हे तर मी एव्हाना स्वतःला माफही केलं असतं.

लग्नसराईतली दुपार होती. एक मोठं कुटुंब बस्त्याच्या खरेदीला गादीवर बसलेलं. "नीलमबेन, पेली लाल बतावो ने," नवरीची आई लाडानं म्हणाली, आणि नसीम त्या लाल साड्या काढायला माळ्यावर चढली. तेवढ्यात दारात एक म्हातारे गृहस्थ उभे राहिले. चपला बाहेरच काढलेल्या, सदरा घामानं चिकटलेला. त्यांना मी कधी पाहिलं नव्हतं. पण डोळे तिचेच होते.

"बेन, माझी नसीम इथंच आहे ना? तिचा फोन लागत नाही. तिची आई —"

फोन कसा लागणार? काउंटरवर मोबाइल चालत नाही; तो गल्ल्याशेजारच्या खणात बंद होता. नवरीच्या आईनं मान वळवली. काहीतरी वाईट घडतं आहे, हे मला कळलं नव्हतं का? कळलं होतं.

"नसीम नावाचं इथे कुणी नाही," मी म्हणाले.

ते "माफ करा," म्हणाले, आणि गेले. नसीम लाल साड्यांचा गठ्ठा घेऊन उतरली, तेव्हाही मी बोलू शकले असते — नाही बोलले. गिऱ्हाईक संध्याकाळपर्यंत बसून होतं. नसीमची आई त्याआधीच गेली. शुद्ध होती तोवर लेकीचं नाव घेत.

मी भेटायला गेले नाही. त्यांनी मला ओळखलं असतं.

कामावर परतली तेव्हा नसीम वडिलांशी बोलत नव्हती. "अब्बा म्हणतात, सगळी दुकानं सारखीच दिसतात, मी भलत्याच दुकानात शिरलो. एवढी वर्षं मी इथे आहे ताई, त्यांना माझं दुकान सापडू नये?"

आणि मी — मी तिला समजावलं. म्हातारा माणूस, भांबावला असेल; त्याची चूक पोटात घाल, म्हणाले.

तिनं घातली नाही. पुढे कित्येक महिने त्या घरात बाप आणि लेक एकमेकांशी कामापुरतंच बोलत.

साबिरचाचा गेल्या वर्षी गेले. शेवटच्या आजारातही दुकान चुकल्याची माफी मागत होते, असं सांगताना नसीम रडली. मी तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिले.