पाचूबंदरच्या अंगणातली कॅसेट

माहितीपट आधी त्यात बोललेल्या माणसांना दाखवायचा, हा माझा नेम होता. पाचूबंदरच्या पाणीटंचाईवरचा तयार झाला, तोवर त्यात बोललेले एक म्हातारे मच्छीमार वारले होते. दाखवू की नको, असं मी त्यांच्या बायकोला विचारलं.

"दाखव, पोरा. त्याचा आवाज तरी आयकू दे."

अंगणात टीव्ही आणि व्हीसीआर मांडला. शेजारीपाजारी जमले. पडद्यावर म्हातारबा सांगू लागले, "पान्यासाठी आमी लय लांब जातो."

"आमी कोन? हंडे माज्या डोक्यावर, नि तू खाटेवर!" म्हातारी ओरडली.

सगळे हसले. त्या हशात म्हातारबांचं पुढचं बोलणं बुडून गेलं.

कॅसेट संपली तरी कोणी उठेना. म्हातारी हळूच म्हणाली, "परत लाव. आता मी नाय बोलनार."