फ्री थ्रो हुकल्यावर आलेला फोन

मंडळी, मघाशी मॅच संपली.

माझी मामेबहीण सारिका विद्यापीठांच्या राष्ट्रीय बास्केटबॉल स्पर्धेत खेळतीय. "यंदा खेळ, मग लग्न," असं मामांनी तिला बजावलं होतं. तरी आज सेमीफायनल मोबाईलवर बघायला ते सोयगावहून माझ्या घरी आले.

शेवटच्या क्षणी तिचा संघ एका गुणानं मागं होता आणि सारिकाला दोन फ्री थ्रो मिळाले, एकेका गुणाचे.

"तूच बघ, मला बघवंना," म्हणत मामांनी मोबाईल माझ्या हातात दिला.

पहिला हुकला. दुसरा रिंगवर फिरून बाहेर पडला. हरलो.

थोड्या वेळानं तिचा फोन आला. ती नुसती रडत होती.

मामांनी फोन माझ्याकडून घेतला. मग म्हणाले, "पुढच्या साली परत खेळायचंय ना? मंग रडू नको, जेवून घे."

तुमच्या घरी हरलेल्या पोरीला पहिलं काय म्हणतात?