सरांनी न वाचलेला ग्रंथ

"हे पुस्तक मी वाचलेलं नाही," असं आमचे मराठीचे सर भर वर्गात सांगत, आणि सांगताना त्यांना जराही संकोच वाटत नसे. शिक्षकाने असं म्हणायचं नसतं, अशी तेव्हाची समजूत होती. न वाचलेल्या पुस्तकावर तासभर बोलणारे शिक्षक आम्ही पाहिले होते. सर मात्र हातातला खडू खाली ठेवत आणि पुढच्या पुस्तकाकडे वळत.

मुलांनो, ही पन्नासच्या दशकातली गोष्ट. चांदा जिल्हा तेव्हा फार मोठा होता. आजचा गडचिरोलीही त्यातच होता. आमचं कॉलेज नुकतंच निघालं होतं आणि ग्रंथालयातली निम्मी कपाटं रिकामी होती. बी.ए.ला आम्हाला वाङ्मयाचा इतिहास होता. म्हणजे ढीगभर ग्रंथांची नावं आणि प्रत्येक नावापुढे एकेक मत. ग्रंथ जिल्ह्यात सापडत नसत, म्हणून आम्ही मतं पाठ करत होतो.

असं पाठ केलेलं मत कुणी म्हणून दाखवलं की सर चष्मा कपाळावर चढवून विचारत, "वाचलं काय तुनं?" त्यावरून मुलांनी त्यांचं नाव 'वाचलं-काय सर' ठेवलं. सर पोंभुर्ण्याकडचे, तलावात मासे धरणाऱ्या घरातले. लिहीत ते स्वच्छ, नेटकं. पण चिडले की घरची बोली बाहेर येई. "जाळं पाण्यात टाकलं नाई अन् मासोळ्या मोजून राह्यला!" असं ते म्हणाले की वर्ग हसे आणि ज्याला म्हटलं तो खाली बसे.

मीही एकदा तशीच खाली बसले. मी इंग्रजी शाळेतून आलेली, त्याची थोडी ऐट होती. एका कादंबरीवर बोलताना मी एका इंग्रज टीकाकाराचं वाक्य फेकलं. सरांनी शांतपणे ऐकून घेतलं. "साहेबानं वाचलं, पोरी. चांगलंच वाचलं. तुनं वाचलं काय?" त्यांनी नागपूरच्या मोटारीच्या ड्रायव्हरला निरोप देऊन ती कादंबरी मागवली. ती वर्गभर फिरली आणि परत आली तेव्हा तिच्यावर कुणाच्या तरी स्वयंपाकघरातले पिवळे डाग होते. मी घाबरून सरांकडे पाहिलं. ते खूश होते. "हळद लागली, म्हणजे पुस्तकाचं लगन झालं," म्हणाले.

आमच्यासारख्यांसाठीच त्यांनी वाङ्मयाच्या इतिहासाची ओळख करून देणारं एक लहानसं पुस्तक लिहिलं. स्वतः वाचलं असेल त्यावरच लिहायचं, हा त्यांचा नेम. फक्त एक जुनं काव्य त्यांना कुठेच मिळालं नव्हतं. त्याची पोथी एका मठात आहे असं कळत होतं, पण मठवाले दाखवत नव्हते. तेव्हा त्या काव्यापुढे सरांनी लिहिलं होतं, 'हा ग्रंथ मला मिळाला नाही. मी तो वाचलेला नाही, म्हणून त्याविषयी मत दिलेले नाही.'

पुस्तक छापून आलं आणि आम्ही सरांच्या घरी पेढे खायला जमलो. सर पानं उलटत होते. एका पानावर त्यांचा हात थांबला. त्यांच्या ओळी गेल्या होत्या आणि तिथे छापलं होतं, 'भाषा रसाळ असली तरी रचना शिथिल आहे.' प्रकाशकाला पत्र गेलं. उत्तर आलं की, विद्यार्थ्यांच्या पुस्तकात लेखकालाच ठाऊक नाही असं छापलं तर विद्यार्थ्यांचा विश्वास उडतो. दुसरी आवृत्ती निघाली तर पाहू. तोवर मुलांनी ते वाक्य पाठही केलं होतं. परीक्षेत 'रसाळ पण शिथिल' लिहिणाऱ्यांना गुण मिळाले. सरांना ते फार लागलं.

मग ते प्रती शोधत फिरू लागले. पुस्तक आमच्याच भागात थोडंफार खपलं होतं. सुटी आली की सर दौत आणि टाक पिशवीत घालून निघत. मूल, सावली, वैनगंगेच्या पलीकडे गडचिरोली, आरमोरी. ज्याच्याकडे प्रत असेल त्याच्या ओसरीवर बसायचं, ते वाक्य खोडायचं, समासात आपल्या ओळी लिहायच्या, खाली सही करायची, आणि चहा घेऊन उठायचं. लोक हसत. सरांच्या पत्नी, आमच्या काकू, तर डोक्याला हात लावत.

"पत्र टाका ना! ज्याचं पुस्तक तो लिहील. दोन ओळींसाठी अंगाचं पाणी करून राह्यले तुमी."

"माह्या नावानं खोटं छापलं," सर म्हणत, "तं खोडणारा हातबी माहाच पायजे."

शेवटी एटापल्लीची प्रत राहिली. सरांचा जुना विद्यार्थी वासुदेव तिथे शाळामास्तर होता. ते वाक्य खोडायला येतो म्हणून सरांनी त्याला कार्ड टाकलं. पावसाळा नुकताच सरला होता आणि जंगलात हिवतापाचे दिवस होते. काकूंनी दारात उभं राहून अडवलं, तरी ते गेले. आलापल्लीला पोचेपर्यंत ताप चढला आणि लाकडाच्या ट्रकवाल्यांनी त्यांना पोत्यांवर निजवून परत आणलं. मी भेटायला गेले तेव्हा ते गोधडीखाली कुडकुडत होते. "एक राह्यली, पोरी," एवढंच म्हणाले. काकू त्यांच्या कपाळावर पट्टी बदलत होत्या. "बरं वाटलं की जा," त्या म्हणाल्या. "या खेपी मी नाई अडवत." दिवाळीआधीच त्या तापात सर वारले.

माझे वडील जंगल खात्यात होते. पुढच्या उन्हाळ्यात त्यांच्या दौऱ्याबरोबर मी एटापल्लीला गेले. शाळा म्हणजे कुडाच्या भिंती आणि पुढे मोहाचं झाड. चांद्याची पाहुणी आली असं ऐकून वासुदेव धावत बाहेर आला आणि माझ्या मागे, बैलगाडीकडे पाहू लागला.

"सर कुठी आहेत? गाडीत आहेत काय?"

त्याला काहीच कळलं नव्हतं. मी सांगितलं. तो पायरीवर बसला. मग आत जाऊन पुस्तक घेऊन आला. सरांचं कार्ड त्याच पानात होतं. त्या वाक्यावर त्याने कोरा कागद कापून चिकटवला होता. "सर लिहितील म्हणून जागा करून ठेवली," म्हणाला.

मी पेन काढलं. सरांच्या त्या ओळी मला पाठ होत्या. वासुदेवने पानावर तळहात ठेवला.

"नोका लिहू, बाई. राहू द्या तशीच. पोरं विचारतात, इथी काऊन काई नाई? मग मी त्यायले सांगतो."

सरांच्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघाली नाही. पुढे खूप वर्षांनी मठातली ती पोथी कुणीतरी मिळवली आणि ते काव्य छापून आलं. मी ते मागवलं आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं. सरांच्या पुस्तकाशेजारी ते माझ्या कपाटात आहे. त्याची भाषा कशी आहे, रचना कशी आहे, हे मात्र मी इथे लिहीत नाही. तुम्ही अजून ते वाचलेलं नाही.