निमित्त काय?

रविवारी दुपारी जेवून आडवा होतो. पंख्याचा आवाज हळूहळू बदलतो, बारीक कर्र कर्र यायला लागते, आणि मी ओळखतो, हे अण्णांचं मशीन. अण्णा म्हणजे माझे वडील. सांगलीत भांड्यांच्या दुकानाबाहेर बसून भांड्यांवर नावं घालायचे. जाऊन तीन वर्षं झाली.

आत्ता ते पुण्यात, माझ्या हॉलमध्ये चटईवर बसलेत. मला त्याचं फारसं नवल वाटत नाही.

"आण, काय काय घेतलंस ते."

मी एअर फ्रायर पुढे करतो.

"कुणाचं नाव घालू? निमित्त काय?"

"निमित्त काही नाही. पगार झाला होता."

ते तो बाजूला सारतात. मग हेडफोन, दुसरे हेडफोन, कॉफीचं मशीन. ते तेच विचारतात, मी तेच सांगतो. हॉल लांबत लांबत मॉल झालाय आणि सरकत्या जिन्यावरून माझंच सामान खाली येतंय.

"निमित्ताशिवाय नाव घालत नाय मी," अण्णा म्हणतात. "बारसं, वास्तुशांत, कायतरी सांग की."

अख्ख्या गावाच्या भांड्यांवर त्यांचं अक्षर आहे, माझ्या घरात एकही नाही. लग्नात मीच म्हणालो होतो, नावं नकोत, जुनाट दिसतं. आज त्यांनी काहीतरी घालावं असं मला फार वाटतंय. पण दुकानांची शटरं एकेक खाली यायला लागलीत.

"बरं, नुसती तारीख सांग. तीन वर्षांतली कुठलीबी, ध्यानात राहिलेली."

पगाराची एक तारीख सोडून काही आठवत नाही. मग सुचतं.

"तुम्ही गेलात तो दिवस."

"किती तारीख?"

"पगाराला चार दिवस होते. गाडीभाडं उसनं घेतलं होतं."

"आणि महिना?"

महिना मला आठवत नाही. लाज वाटते. अण्णा मात्र हसतात.

"गिऱ्हाईक पक्कं हाय! धर, हलू देऊ नको."

माझी स्टीलची पाण्याची बाटली गुडघ्यावर उलटी घेऊन ते मशीन लावतात. मी दोन्ही हातांनी धरून बसतो. कर्र कर्र बोटांत शिरते.

जागा होतो तेव्हा पाच वाजलेत. बाटली पोटावर उलटी आहे आणि तळ बोटांना खरखरीत लागतोय. उजेडात धरून बघतो. ठिपक्याठिपक्यांनी अक्षरं उमटली आहेत: चि. श्रीपादला, अण्णांकडून. दि.

पुढे जागा सोडलेली आहे.