तात्यांच्या गाडीचा फ्यूज गेला, बरं झालं

नव्वदच्या दशकातली एक संध्याकाळ. अंथुर्ण्याला माझ्या सासरच्या अंगणात तात्यांची, म्हणजे माझ्या वडिलांची, जुनी निळी गाडी उभी होती आणि तिचे पुढचे लाइट काही केल्या लागेनात...

तात्या दुपारी वडगाव निंबाळकरहून आले होते. डिकीत वांगी, गवार, मेथीच्या जुड्या... जणू आमच्याकडे भाजी उगवतच नाही.

एरवी ऊन उतरायला लागलं की त्यांची चुळबुळ सुरू व्हायची. लेकीला पहिलं मूल होईपर्यंत बापानं तिच्या घरी जेवायचं नाही, मुक्काम तर नाहीच, ही आमच्याकडची जुनी रीत. माझ्या घरी अजून पाळणा हलला नव्हता, त्यामुळे तात्या चहा घ्यायचे आणि निघायचे.

पण त्या वर्षी आई गेली होती. भाऊ नोकरीला नाशिकला. वडगावच्या घरात तात्या एकटेच, सकाळची भाकरी संध्याकाळी दुधात कुस्करून खायचे. हे मला शेजारच्या काकूंकडून कळायचं, त्यांच्याकडून कधीच नाही. एक रात्र तरी त्यांनी माझ्या हातचं गरम जेवावं आणि इथे निवांत झोपावं, एवढंच मला वाटायचं. पण म्हणणार कोण...

तर त्या दिवशी ते निघेचनात. सासऱ्यांशी उसाच्या गप्पा, मग गोठा बघणं, मग परत उसाच्याच गप्पा. दिवेलागणीला उठले, गाडीत बसले, बटण दाबलं... अंधार.

"फ्यूज गेला वाटतं," तात्या म्हणाले, खाली उतरले आणि नुसतेच उभे राहिले.

मला नवल वाटलं. फ्यूज बदलणं म्हणजे त्यांच्या हातचा मळ. लहानपणी आमच्याकडे हा तिघांचा कार्यक्रम असायचा. मी टॉर्च धरायची, तात्या बॉनेटमध्ये वाकलेले आणि आई पदर खोचून ड्रायव्हरच्या सीटवर. "दाबलं का?" तात्या ओरडायचे. "दाबलंय!" आई त्याहून मोठ्यानं.

फ्यूज बॉक्सचं काळं झाकण काढलं की आत चिनी मातीचे बुटके पांढरे फ्यूज ओळीनं बसलेले. अंगावरची पट्टी तुटली किंवा काळी पडली की तो कामातून गेला. खात्री करायची तर तोच काढून हॉर्नच्या जागी लावायचा... हॉर्न वाजला नाही की संपलं. "फ्यूज काय, लिमलेटच्या गोळीवानी कुठंबी मिळतो," असं तात्या म्हणायचे.

शेवटी मीच टॉर्च घेऊन गेले. झाकण काढलं. सगळे फ्यूज शाबूत, एकाचीही पट्टी काळी नाही. फक्त लाइटच्या जागचे पितळी चिमटे रिकामे...

जळालेला फ्यूज जागेवरच राहतो, त्याला काही पाय फुटत नाहीत. खाली पडला असेल म्हणून शोधलं. नाही. मग डॅशबोर्डच्या कप्प्यातून फोटोच्या रोलची डबी काढली. स्पेअर फ्यूज तात्या त्यातच ठेवायचे. हलवली तर आत खुळखुळलं. नवा बसवायला मला मिनिटभर पुरलं असतं.

डबी हातात घेऊनच मी वळले. तात्या माझ्याकडे बघत नव्हते. गोठ्याकडे तोंड करून उभे होते, उजवा हात सदऱ्याच्या खिशात, आणि आत मूठ आवळलेली...

या माणसानं आयुष्यात कुणाकडे काही मागितलं नाही. त्याला लेकीकडे राहायचं होतं आणि तेवढंही तोंडानं म्हणता येत नव्हतं. मी डबी गुपचूप कप्प्यात सरकवली.

"तात्या, फ्यूज गेलाय. डबीत बी न्हाय दुसरा," मी म्हणाले.

तेवढ्यात आमचे हे उठलेच! "मी आत्ता मोटरसायकलवर भिगवणला जाऊन आणतो की." मी डोळे वटारले, पण नवरे लोकांना अंधारात दिसत नाही.

"नगं, नगं जावईबापू!" तात्या घाईघाईनं म्हणाले. "ह्या गाडीचा फ्यूज असा कुठं मिळतच न्हाय."

लिमलेटची गोळी आठवून मी ओठ चावला.

राहता राहिली रीत. तिचा निकाल आत्याबाईंनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी लावला. "अंधाराचं कुठं जाताय पावणं? ऱ्हावा हितंच."

"पर विहीणबाई, रीत हाय..."

"हाय की. मग ती कंदील धरून गाडीम्होरं चालणार हाय का तुमच्या?"

तात्या राहिले. त्यांच्याच वांग्यांचं भरीत केलं, बाजरीच्या भाकरी थेट तव्यावरून ताटात. ते मान खाली घालून जेवत होते, आणि मला आईची इतकी आठवण येत होती की चुलीचा धूर बरा वाटला.

सकाळी बघते तर तात्या बॉनेट उघडून तयार. "बस आत," म्हणाले. मी आईच्या जागेवर बसले.

"दाबलं का?"

"दाबलंय!"

भर उजेडात लाइट लागले. फ्यूज कुठून आला हे मी विचारलं नाही, त्यांनी सांगितलं नाही. त्यांनी बॉनेट लावलं आणि काचेतून माझ्याकडे बघितलं.

तात्यांना जाऊनही आता बरीच वर्षं झाली. ती गाडी कुणाच्या दारात गेली, माहीत नाही.

परवा आम्ही दोघं पुण्याला लेकीकडे गेलो होतो. अंधार पडायला लागला तसे निघालो. 'राहते गं आज' असं अगदी ओठांवर आलं होतं... पण तिला सकाळी ऑफिस, म्हटलं नाही. गाडीत बसलो. यांनी बटण दाबलं, एका दमात सुरू झाली, लाइटही आपोआप लागले.

नव्या गाड्यांचं हेच वाईट वाटतं मला... वेळेला बिघडत नाहीत.